मिश्र रकमांची गणिते

मिश्र रकमांची गणिते : निरनिराळ्या मूल्यांची नाणी वा नोटा मिळून झालेली रक्कम, तिचे घटक, त्या घटकांची संख्या आणि त्यांची वाटणी यांसंबंधीच्या शाब्दिक उदाहरणांना सामान्यतः ही संज्ञा लावता येते. उदा., ‘एका पिशवीत ५० पैशांची व २५ पैशांची मिळून ४० नाणी असून त्यांची एकूण किंमत १६ रुपये आहे, तर प्रत्येक प्रकारची नाणी किती?’ या उदाहरणात दोन गोष्टी दिलेल्या आहेत : नाण्यांची संख्या आणि नाण्यांचे मूल्य. ह्या दोन राशी परस्परांपासून स्वतंत्र असतात. तीच रक्कम अनेक नाण्यांनी किंवा थोड्या नाण्यांनी पुरी होऊ शकते. तसेच नाण्यांची संख्या तीच राहूनही रक्कम बदलू शकते. रक्कम बरोबर असणे आणि ती हाती असलेल्या नाण्यांनी देता येणे ह्या दोन भिन्न गोष्टी आहेत. मिश्र रकमांच्या गणिताचा सर्व विषय या भेदातून उद्‌भवतो. पाठ्यपुस्तकांत ही उदाहरणे बौद्धिक व्यायाम म्हणून येत असली, तरी त्यांचा उगम सराफाच्या पेढीत, बाजारात, सरकारी भरण्यात आणि मजुरीच्या वाटपात आहे. महाराष्ट्रात या विषयाचा इतिहास बाराव्या शतकातील लीलावतीपासून ठाण्याच्या वागळे इस्टेटीसारख्या औद्योगिक वसाहतींतील रोख पगारवाटपापर्यंत सलग दाखविता येतो.

प्राचीन व मध्ययुगीन गणित : भास्कराचार्यांच्या (जन्म १११४) लीलावती (११५०) या ग्रंथाच्या प्रारंभीच्या परिभाषांत चलनाचे कोष्टक प्रथम येते. २० वराटक (कवड्या) म्हणजे १ काकिणी, ४ काकिणी म्हणजे १ पण, १६ पण म्हणजे १ द्रम्म आणि १६ द्रम्म म्हणजे १ निष्क, असे ते आहे. यावरून एका द्रम्माच्या १,२८० कवड्या होतात. अपूर्णांकांच्या गुणाकाराचे एक उदाहरण भास्कराचार्यांनी याच कोष्टकावर बेतले आहे. एका कंजूष माणसाने याचकाला द्रम्माच्या अर्ध्याच्या दोनतृतीयांशाच्या पाऊणपटीच्या एकपंचमांशाच्या एकषोडशांशाचा चतुर्थांश दिला, तर त्याने किती कवड्या दिल्या, असा प्रश्न असून त्याचे उत्तर द्रम्माचा १/१,२८० भाग, म्हणजे केवळ एक कवडी, असे येते. अपूर्णांकांची लांबलचक मालिका आणि तिच्या अखेरीस निघणारी एकच कवडी यांतील विनोद चलनाचे कोष्टक पाठ असणाऱ्यालाच उमगतो.

लीलावतीतील ‘मिश्रव्यवहार’ या प्रकरणात एकत्र झालेल्या रकमेचे घटक वेगळे करण्याच्या रीती दिल्या आहेत. दरमहा दरशेकडा ५ या व्याजाने एका वर्षाअखेर मुद्दल व व्याज मिळून १,००० होतात, तर दोन्ही किती, हे त्यांपैकी एक उदाहरण होय; मुद्दल ६२५ व व्याज ३७५ हे त्याचे उत्तर आहे. दुसऱ्या एका उदाहरणात ९४ निष्क तीन भागांत दरमहा दरशेकडा ५, ३ व ४ या दरांनी दिलेले असून अनुक्रमे ७, १० व ५ महिन्यांनंतर तिन्ही भागांचे व्याज सारखे होते. हे भाग २४, २८ व ४२ असे निघतात. ५१, ६८ व ८५ अशी भांडवले घालणाऱ्या तिघा व्यापाऱ्यांमध्ये ३०० ची वाटणी करण्याचे उदाहरणही प्रसिद्ध आहे (उत्तर ७५, १०० व १२५). बाजारहाटाचे एक उदाहरण विशेष लक्षणीय आहे. एका द्रम्माला साडेतीन माप तांदूळ किंवा आठ माप मूग मिळत असताना १३ काकिणींत दोन भाग तांदूळ व एक भाग मूग हवे आहेत. उत्तर तांदळाचे १/६ द्रम्म व मुगाचे ७/१९२ द्रम्म असे येते आणि त्यांची बेरीज बरोबर १३/६४ द्रम्म, म्हणजे १३ काकिणी होते.

मिश्रव्यवहार हा विषय भास्कराचार्यांपूर्वीही रूढ होता. राष्ट्रकूट राजा अमोघवर्ष याच्या काळातील महावीराचार्यांच्या गणितसारसंग्रह (सु. ८५०) या ग्रंथात त्याचे विस्तृत प्रकरण आहे. ज्यांत अज्ञात राशी समीकरणांपेक्षा अधिक असतात, अशी उदाहरणेही या परंपरेत आढळतात. भास्कराचार्यांच्या बीजगणितात ३ द्रम्मांना ५ पारवे, ५ द्रम्मांना ७ सारस, ७ द्रम्मांना ९ हंस आणि ९ द्रम्मांना ३ मोर या भावाने १०० द्रम्मांत १०० पक्षी आणावयाचे आहेत. ५ पारवे, ५६ सारस, २७ हंस व १२ मोर हे त्याचे एक उत्तर होय. त्यांची किंमत ३ + ४० + २१ + ३६ म्हणजे बरोबर १०० द्रम्म होते. अशा उदाहरणाला एकाहून अधिक उत्तरे असतात. चीनमध्ये पाचव्या शतकातील झांग छ्यूजिएन याच्या ग्रंथात आणि इटलीत फीबोनात्ची (सु. ११७०–सु. १२५०) याच्या लेखनातही पक्ष्यांच्या खरेदीची उदाहरणे येतात. संख्या व मूल्य यांतील भेद व्यापारी समाजांना सर्वत्र जाणवला असल्याची ही साक्ष होय.

भास्कराचार्यांच्या ग्रंथांचे अध्ययन व्हावे म्हणून त्यांचा नातू चांगदेव याने काढलेल्या मठाला दिलेल्या दानाचा शिलालेख चाळीसगावजवळील पाटण येथे आहे (शके ११२८). त्याचा अखेरचा भाग जुन्या मराठीत असून त्यात मठाला मिळावयाच्या देण्यांचा तपशील आहे.

मराठेशाहीतील बट्टा : मराठेशाहीत सोन्याचे होन, चांदीचे रुपये व तांब्याची शिवराई यांखेरीज निरनिराळ्या टांकसाळींचे रुपये एकाच वेळी व्यवहारात होते. पुण्याचा अंकुशी, चांदवडचा चांदवडी, बागलकोटचा मल्हारशाही अशी त्यांची नावे होती. वजन, कस व झीज यांनुसार त्यांची किंमत भिन्न असल्याने सराफ प्रमाण मानलेल्या नाण्याच्या तुलनेत वटाव कापून घेत. त्यास ‘बट्टा’ म्हणत. यामुळे ‘शंभर रुपये’ ही रक्कम कोणत्या रुपयांत, हे सांगितल्याखेरीज निश्चित होत नसे. उदाहरणादाखल, १०० नाण्यांच्या भरण्यात काही नाणी पुऱ्या मोलाची व काही शेकडा ४ बट्ट्याची असून सराफाने ते ९७ धरले, असे समजू. सर्व नाणी पुऱ्या मोलाची असती, तर १०० धरले गेले असते. तूट ३ रुपयांची आहे आणि बट्ट्याच्या प्रत्येक नाण्यामागे तूट ०·०४ रुपयाची. म्हणून बट्ट्याची नाणी ७५ व पुऱ्या मोलाची २५. ज्याला हा हिशेब स्वतः करता येत नसे, त्याला सराफ सांगेल तो आकडा मान्य करावा लागे. बट्ट्याचा भार त्यामुळे अखेरीस सारा भरणारा शेतकरी व रोजंदारीवरचा मजूर यांच्यावर पडण्याचा संभव अधिक असे.

एक उत्तर गृहीत धरून आलेल्या फरकावरून खरे उत्तर काढण्याची वरील रीत भारतीय गणितातील ‘इष्टकर्मा’च्या जवळची आहे. प्रारंभी दिलेले उदाहरणही तिने समीकरणाशिवाय सुटते. चाळीसही नाणी २५ पैशांची मानल्यास १० रुपये होतात. ६ रुपये कमी पडतात. २५ पैशांच्या एका नाण्याऐवजी ५० पैशांचे नाणे घेतल्यास २५ पैसे वाढतात. म्हणून ५० पैशांची नाणी २४ व २५ पैशांची १६.

रुपये-आणे-पै : १८३५ च्या कायद्याने ईस्ट इंडिया कंपनीच्या मुलखात १८० ग्रेन वजनाचा एकच रुपया प्रमाण ठरला आणि टांकसाळींमधील भेदाचा प्रश्न क्रमाने मागे पडला. १ रुपया म्हणजे १६ आणे, १ आणा म्हणजे ४ पैसे किंवा १२ पै, अशा रीतीने एका रुपयाच्या १९२ पै होत. मुंबई इलाख्यात त्यापूर्वी रुपया, पाव व रेस (४०० रेस म्हणजे १ रुपया) अशी हिशेबाची पद्धतीही प्रचलित होती. आठ आण्यांची अधेली, चार आण्यांची पावली व दोन आण्यांची चवली ही नाण्यांची नावे घरोघरी रूढ होती. जमाखर्चात रुपयांच्या आकड्यापुढे पावल्या उभ्या दंडांनी व आणे आडव्या रेघांनी दाखवीत.

पंतोजींच्या शाळांतील उजळणी या चलनाला अनुरूप होती. पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी व औटकी (साडेतीनचा पाढा) ही अपूर्णांकांची कोष्टके मुलांकडून मुखोद्गत करून घेत. त्यांचा उपयोग पुढील हिशेबावरून स्पष्ट होईल. रोज १३ आणे ६ पै मजुरीने २६ दिवसांची मजुरी काढावयाची आहे. बारा आणे म्हणजे पाऊण रुपया. पाऊणकीने २६ पाऊण म्हणजे साडेएकोणीस रुपये. राहिला दीड आणा. दिडकीने २६ दीड म्हणजे ३९ आणे, अर्थात २ रुपये ७ आणे. एकूण २१ रुपये १५ आणे. कागदावर करावयाच्या संयुक्त गुणाकारात पैंचे आणे व आण्यांचे रुपये करीत जावे लागते. उजळणी येणाऱ्याला हेच उत्तर तोंडी मिळत असे.

इंग्रजी अमदानीत छापील क्रमिक पुस्तके आली. जॉर्ज जर्व्हिस यांनी १८२० नंतरच्या दशकात मुंबईत इंग्रजी गणितग्रंथांच्या आधारे मराठी पुस्तके सिद्ध केली. केरो लक्ष्मण छत्रे (१८२४–८४) यांनी मराठीत अंकगणिताचे पुस्तक लिहिले. गोपाळ कृष्ण गोखले (१८६६–१९१५) यांनी पुण्याच्या न्यू इंग्लिश स्कूलमध्ये अध्यापन करीत असताना तयार केलेले इंग्रजी अंकगणिताचे पुस्तक पुढे मॅकमिलन कंपनीने प्रसिद्ध केले आणि ते अनेक वर्षे शाळांत वापरात होते. पुढे अर्थसंकल्पावरील भाषणांमुळे गाजलेल्या नेत्याचा आकड्यांशी असा प्रथम परिचय शाळेच्या वर्गातला होता. या पुस्तकांच्या परंपरेमुळे संयुक्त परिमाणांची बेरीज, वजाबाकी, गुणाकार व भागाकार हा प्राथमिक गणिताचा मोठा भाग बनला. ब्रिटनमध्येही १२ पेन्सचा शिलिंग व २० शिलिंगांचा पौंड ही रचना १५ फेब्रुवारी १९७१ पर्यंत टिकून होती.

दशमान चलन : १९५५ च्या दुरुस्ती कायद्यानुसार १ एप्रिल १९५७ पासून भारतात रुपयाचे १०० ‘नये पैसे’ झाले, ‘नया’ हे विशेषण १ जून १९६४ पासून गळाले. चार, आठ व बारा आण्यांचे अनुक्रमे २५, ५० व ७५ पैसे नेमके होत. परंतु एक आणा म्हणजे सव्वासहा पैसे असल्याने इतर रकमांत अपूर्णांक उरे. अर्धा किंवा त्याहून कमी अपूर्णांक सोडावा व अर्ध्याहून अधिक असल्यास पूर्ण पैसा धरावा, असा नियम होता. त्यानुसार १ आणा = ६, २ आणे = १२, ३ आणे = १९ नये पैसे असे कोष्टक ठरले. दोन आणे दोनदा दिल्यास २४ नये पैसे, तर चार आणे एकदम दिल्यास २५. म्हणजे रूपांतर केव्हा करावे, यावर रक्कम अवलंबून राहिली.

वरील मजुराचेच उदाहरण घेतल्यास याचे महत्त्व कळते. १३ आणे ६ पै म्हणजे ८४·३७५ नये पैसे. रोजची मजुरी प्रथम रूपांतरित करून ८४ धरली, तर २६ दिवसांचे २१ रुपये ८४ पैसे होतात. महिन्याची मजुरी आधी काढून २१ रुपये १५ आण्यांचे रूपांतर केले, तर २१ रुपये ९४ पैसे होतात. दहा पैशांचा हा फरक दरमहा प्रत्येक माणसामागे पडतो. तो कोणाच्याही लबाडीने पडत नाही. गुणाकार आधी की रूपांतर आधी, एवढ्याच निर्णयाने पडतो. पूर्णांकन शक्य तितके अखेरीस करावे, हा अंकगणितातील नियम या ठिकाणी थेट मजुरीशी निगडित होतो.

दशमान पद्धतीमुळे शाळेतील संयुक्त परिमाणांची उदाहरणे बरीच कमी झाली व अपूर्णांकांच्या उजळणीची गरज ओसरली. मिश्र रकमांची उदाहरणे मात्र नाहीशी झाली नाहीत. ती अंकगणितातून बीजगणिताकडे, दोन चलांच्या रेषीय समीकरणांच्या प्रकरणात गेली. ‘सोळा आणे खरे’, ‘पैन्‌पैचा हिशेब’ हे वाक्प्रचार भाषेत राहिले. पीकपाहणीतील ‘आणेवारी’ची ‘पैसेवारी’ झाली आणि ५० पैशांहून कमी पैसेवारी ही टंचाईची खूण मानली जाऊ लागली.

रोख पगारवाटप व वागळे इस्टेट : महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळाची स्थापना १ ऑगस्ट १९६२ रोजी झाली. ठाणे शहराच्या पश्चिमेकडील वागळे इस्टेट हे त्याच्या सर्वांत आरंभीच्या क्षेत्रांपैकी एक होय. त्याच दशकात डोंबिवली येथेही औद्योगिक क्षेत्र उभे राहिले. नये पैसे व्यवहारात येऊन तेव्हा जेमतेम पाच वर्षे लोटली होती. वेतन प्रदान अधिनियम, १९३६ प्रमाणे मजुरी चलनी नाण्यांत वा नोटांत देणे बंधनकारक होते; कामगाराच्या लेखी संमतीने धनादेशाने किंवा बँक खात्यात ती देण्याची मुभा १९७६ च्या दुरुस्तीने मिळाली. एक हजाराहून कमी कामगार असलेल्या आस्थापनांत वेतनकाल संपल्यापासून सातव्या दिवसाच्या आत व इतरत्र दहाव्या दिवसाच्या आत पगार द्यावा, असेही बंधन होते. त्यामुळे लहानमोठ्या कारखान्यांनी भरलेल्या अशा वसाहतीत महिन्याच्या पहिल्या आठवड्यात बँकांतून रोकड काढणे आणि ती माणसागणिक वाटणे हे कारकुनी कामाचे एक मोठे अंग होते.

या कामात मिश्र रकमांच्या गणिताचा व्यस्त प्रकार उपस्थित होतो. नेहमीच्या उदाहरणात नाणी माहीत असून रक्कम काढावयाची असते, किंवा रक्कम व संख्या माहीत असून घटक काढावयाचे असतात. येथे प्रत्येकाची रक्कम माहीत असते आणि ती सर्वांना सुट्या पैशांविना देता येईल, असा नोटांचा संच ठरवावयाचा असतो. भविष्य निर्वाह निधी, कर्मचारी राज्य विमा व उचल यांची वजावट झाल्यावर हाती पडणाऱ्या रकमा क्वचितच पूर्ण दशकांत असत. उदाहरणार्थ, तीन कामगारांचे पगार २३७, १८४ व २५९ रुपये, म्हणजे एकूण ६८० रुपये आहेत आणि १००, ५०, २०, १०, ५, २ व १ रुपयांच्या नोटा उपलब्ध आहेत, असे समजू (२० रुपयांची नोट १९७२ मध्ये व ५० ची १९७५ मध्ये आली). प्रत्येक पगाराची वेगळी फोड अशी होते :

२३७ = १०० × २, २० × १, १० × १, ५ × १, २ × १.
१८४ = १०० × १, ५० × १, २० × १, १० × १, २ × २.
२५९ = १०० × २, ५० × १, ५ × १, २ × २.

या फोडींची मूल्यवार बेरीज केल्यास शंभराच्या ५, पन्नासाच्या २, विसाच्या २, दहाच्या २, पाचाच्या २ व दोनाच्या ५ नोटा, अशा एकूण १८ नोटा लागतात. याउलट कारकुनाने केवळ एकूण ६८० रुपयांची फोड करून शंभराच्या ६ आणि पन्नास, वीस व दहाची प्रत्येकी १ अशा ९ नोटा आणल्या, तर बँकेचा हिशेब व पगारपत्रकाची बेरीज दोन्ही बिनचूक जुळतात. पण एकाही कामगाराला त्याचा पगार नेमका देता येत नाही. यामुळे पगारपत्रकाशेजारी प्रत्येक मूल्याच्या नोटांचे वेगळे रकाने आखून त्यांच्या बेरजा करीत. या तक्त्याची दुहेरी तपासणी होते : प्रत्येक ओळीचे मूल्य त्या कामगाराच्या पगाराइतके असले पाहिजे आणि रकान्यांच्या बेरजांचे एकूण मूल्य पगारपत्रकाच्या बेरजेइतके आले पाहिजे. दोन्ही जुळल्यावरच मागणीचा तपशील बँकेकडे धाडणे सुरक्षित असते. मोड नसल्यास एक-दोन रुपये ‘पुढच्या महिन्यात’ राहतात किंवा दोघांना मिळून एक नोट देऊन ती बाहेर मोडून घ्यावी लागते. कारखान्याच्या दृष्टीने ही किरकोळ गैरसोय असली, तरी कामगाराच्या दृष्टीने ते त्याच्या मजुरीचे विलंबित देणे ठरते.

सैद्धांतिक विचार : सर्वांत मोठ्या मूल्यापासून आरंभ करून शक्य तितक्या नोटा घेत जाण्याची वरील रीत १, २, ५, १० या क्रमाच्या चलनात नेहमी किमान संख्या देते. प्रत्येक चलनरचनेत तसे होईलच असे नाही. भारतात १९६८ मध्ये २० पैशांचे नाणे निघाल्यावर ते २५ पैशांच्या नाण्याबरोबर चालू होते. ४० पैसे देण्यासाठी या रीतीने २५ + १० + ५ अशी तीन नाणी येतात. वस्तुतः २० + २० ही दोनच पुरतात. कोणती रक्कम मुळीच देता येणार नाही, हा दुसरा प्रश्न होय. सामाईक विभाजक नसलेल्या अ व ब या दोन मूल्यांच्या नाण्यांनी देता न येणारी सर्वांत मोठी रक्कम (अ × ब − अ − ब) असते. जेम्स जोसेफ सिल्व्हेस्टर या ब्रिटिश गणितज्ञाचे नाव या निष्कर्षाशी जोडले जाते. २ व ५ या मूल्यांसाठी ती ३ येते. म्हणजे रुपयाचे नाणे दुर्मिळ झाले, तर १ व ३ रुपये सोडून इतर सर्व पूर्ण रकमा दोन व पाचाच्या नाण्यांनी देता येतात.

अलीकडील स्थिती : २५ पैसे व त्याहून कमी मूल्याची नाणी ३० जून २०११ पासून चलनातून काढण्यात आली. ८ नोव्हेंबर २०१६ रोजी ५०० व १,००० रुपयांच्या तत्कालीन नोटा रद्द झाल्यावर आरंभीच्या आठवड्यांत ५०० च्या नव्या नोटांचा पुरवठा अपुरा होता. १०० नंतर एकदम २,००० अशी दरी पडल्याने शंभर रुपयांच्या खरेदीसाठी २,००० ची नोट मोडावयाची, तर शंभराच्या १९ नोटा परत द्याव्या लागत. रक्कम हाती असूनही व्यवहार अडतो, याचा अनुभव त्या वेळी सर्व थरांतील लोकांना आला. २,००० ची नोट चलनातून मागे घेत असल्याचे रिझर्व्ह बँकेने १९ मे २०२३ रोजी जाहीर केले.

पगार बँक खात्यात जमा होऊ लागल्याने व भ्रमणध्वनीवरून देयके देण्याची सोय झाल्याने नोटांची फोड करण्याचे काम पुष्कळ कमी झाले. खात्यावरील रकमेला नाणी नसतात. तिच्यात मूल्य व संख्या हा भेद उरत नाही. रोजंदारी, फेरीचा व्यापार व आठवडी बाजार यांत मात्र रोकड अद्याप चालते. रूपांतर, वजावट व पूर्णांकन यांचा क्रम बदलल्यास रक्कम बदलते, हा नियम संगणकीय पगारपत्रकालाही लागू आहे. तेथे तो आकडे मांडणाऱ्याच्या व घेणाऱ्याच्या नजरेआड गेलेला असतो, इतकेच. शालेय गणितात या उदाहरणांचे स्थान टिकून राहण्याचे कारण यात आहे. आपल्या हाती पडणारी रक्कम कशी आली, हे स्वतः पडताळून पाहण्याची पात्रता ती देतात.